एका वावराच्या तीन किमती : कोर्ट फीची गोष्ट

मंडळी, आज जरा लांब लिहितोय. विषय कोरडा वाटेल, पण ज्याच्या घरात हिस्सेवाटणी राहिली आहे त्यानं शेवटपर्यंत वाचावं. म्हणजे पवनारात जवळपास सगळ्यांनीच.

एकाच वावराला आपल्याकडे तीन किमती असतात. पहिली चहाच्या टपरीवरची. "रोडटच आहे भाऊ, एकराला इतके येतात." दुसरी रेडी रेकनरची, ती खरेदीखताच्या दिवशी कळते. आणि तिसरी दिवाणी कोर्टातली. ही तिसरी सातबारा-आठ-अ वरच्या आकारणीच्या रकान्यात दडून बसलेली असते आणि पहिल्यांदा ऐकणाऱ्याला हसू येतं. समजा चार एकराचं वावर आहे आणि वर्षाचा सारा आठ रुपये. कायदा म्हणतो, या जमिनीच्या ताब्याचा दावा असेल तर साऱ्याची ठरलेली पट काढा, तीच दाव्याची किंमत, तिच्यावर कोर्ट फी भरा. ती पट शंभर धरा, दोनशे धरा, आकडा दीड-दोन हजाराच्या पुढं जात नाही. बाजारात त्याच वावराचे चाळीस लाख बोलतात.

आता त्याच कुटुंबाचं गावठाणातलं घर घ्या. दोन खोल्या, पडवी, मागं विहीर. घराला साऱ्याची पट लागत नाही, बाजारभाव लागतो. म्हणजे चाळीस लाखांच्या वावरापेक्षा पडायला आलेल्या घरापायी जास्त स्टॅम्प! हे असं का, याचं उत्तर कुठल्या बाबूच्या डोक्यात नाही, इतिहासात आहे.

न्यायासाठी राजानं पैसा घेणं आपल्याकडे नवं नाही. याज्ञवल्क्य स्मृतीत हिशोबच दिलेला आहे. राजाला कर्जवसुलीत पडावं लागलं तर कर्जदाराकडून शेकडा दहा घ्यावेत आणि पैसा हाती पडलेल्या सावकाराकडून शेकडा पाच. मराठेशाहीत गोतसभा, मजलस बसायची, निकालाचा महजर व्हायचा आणि मग जिंकणाऱ्यानं 'हरकी' द्यायची, हरणाऱ्यानं 'गुन्हेगारी'. हरकी म्हणजे हर्ष झाला म्हणून. नाव गोड असलं तरी रकमा नेहमीच गोड नसत, आणि सरकारला त्यात उत्पन्न दिसायचंच. मी त्या काळाला सोन्याचा मुलामा द्यायला निघालो नाही. जात, वजन, पाटलाशी असलेली ओळख, सगळं तिथं चालायचं. पण एक गोष्ट ध्यानात घ्या : पैसा निकालानंतर. आधी ऐकून घेतलं जायचं, हिशोब मागून.

हा क्रम उलटा केला कंपनी सरकारनं, तोही बंगालमध्ये. १७९३ साली कॉर्नवॉलिसनं कोर्टातली दाखल फी काढून टाकली होती. दोन वर्षांत दाव्यांचा ढीग पडला. एकट्या बरद्वान जिल्ह्यात तीस हजारांवर दावे तुंबले. कोर्टं वाढवायची, न्यायाधीश वाढवायचे, तर खर्च. मग सर जॉन शोअरच्या काळात १७९५ चं अडतिसावं रेग्युलेशन आलं आणि दावा दाखल करतानाच फी भरायची असं ठरलं. आधीपासून पडून असलेल्या दाव्यांनाही ती लावली. मुदतीत भरली नाही तर दावा खारीज. कारण काय सांगितलं? लोक खोटे, त्रास द्यायचे दावे करतात, त्यांना आळा बसावा.

योगायोग बघा, त्याच १७९५ साली लंडनमध्ये जेरेमी बेंथमची एक पुस्तिका प्रसिद्ध झाली, न्यायावरच्या करांच्या विरोधात. आणि पुढं चाळीस वर्षांनी, १८३५ मध्ये, मेकॉले साहेबानं आपल्या टिपणात या १७९५ च्या रेग्युलेशनच्या प्रस्तावनेची पार खिल्ली उडवली. मेकॉले म्हटलं की आपल्याला इंग्रजी शिक्षणाचं टिपणच आठवतं, पण हेही त्याच वर्षातलं. त्याचा मुद्दा साधा होता. फी खऱ्या दाव्यालाही लागते आणि खोट्यालाही तेवढीच लागते, मग तिनं खोटा दावा कसा थांबणार? थांबतो तो गरीब. खोटे दावे फार होत असतील तर तो कोर्ट चालवणाऱ्यांचा दोष आहे.

टिपण फायलीत राहिलं. फीही राहिली.

आपल्या भागाचं पाहू. १८५३ च्या डिसेंबरात तिसरे रघुजी भोसले वारले आणि डलहौसीनं नागपूरचं राज्य खालसा केलं. १८६१ ला मध्य प्रांत झाला, १८६२ ला नागपुरातून वर्धा जिल्हा वेगळा काढला. मुख्यालय आधी पुलगावजवळच्या कवठ्याला होतं, १८६६ मध्ये पालकवाडीच्या माळावर नवं गाव आखून तिथं आणलं. तेच आजचं वर्धा. म्हणजे पवनार हे शहाणं, जुनं गाव. मिराशींच्या मते तर वाकाटकांचं प्रवरपूर हेच. (मनसरवाले नाही म्हणतात, तो वाद दुसऱ्या दिवशी.) आणि आपण तारखेला जातो ते गाव आपल्यापेक्षा कितीतरी लहान.

त्याच दशकात मध्य प्रांतात बंदोबस्त झाला आणि मालगुजारांना गावांची मालकी मिळाली. त्याआधी मालगुजार हा मुळात सारा वसूल करून भरणारा. आता तो मालक झाला. मालकी आली की हिस्सा आला, हिस्सा आला की भांडण आलं. सोळा आण्यांच्या गावात कुणाचे चार आणे, कुणाचे दोन. आणि १८७० साली या भांडणांचं दरपत्रक आलं : कोर्ट फी कायदा, १८७० चा सातवा. त्याचं कलम सातही लक्षात ठेवा, आजचा सगळा गुंता त्याच्या पोटातून निघालेला आहे.

त्या कलमात जमिनीच्या ताब्याच्या दाव्यासाठी नियम होता. कायमधाऱ्याची, सारा भरणारी जमीन असेल तर साऱ्याच्या दहापट. सारा ठरलेला आहे पण कायमचा नाही, असं असेल तर पाचपट. आपला बंदोबस्त मुदतीचा, म्हणून पाचपट. आणि घर-बागेला बाजारभाव.

का? कारण १८७० मध्ये शेतीला मोजायला हाताशी एकच खात्रीचा आकडा होता, सारा. तो सरकारच्याच वहीत लिहिलेला. घराला सारा नव्हता, म्हणून बाजारभाव. त्या वेळी सारा आणि उत्पन्न यांचा काहीतरी मेळ होता. पुढं सारा तिथंच राहिला आणि जमीन धावत सुटली. कापूस आला, रेल्वे आली, आता समृद्धी महामार्ग आपल्या जिल्ह्यातून गेला. सातबाऱ्यावरचा आकार मात्र अजून रुपयातच.

काही दावे असे असतात की त्यांची किंमत सांगताच येत नाही. मनाई हुकूम, हिशोब द्या म्हणणं, धुऱ्यावरून जायचा वहिवाटीचा रस्ता. १८७० च्या कायद्यानं इथं फिर्यादीवरच सोडलं : तूच सांग तुझ्या मागणीची किंमत किती. आणि नुसतं "माझा हक्क आहे एवढं जाहीर करा, बाकी काही नको" अशा दाव्याला ठोक फी, दहा रुपये. झालं! वकिलांची लेखणी तिथंच धारदार झाली. ताबा हवा असतो, पण वादपत्रात लिहायचं "घोषणा करून मिळावी". लाखाचा दावा दहा रुपयांत. कोर्टंही काही भोळी नव्हती. वादपत्राचे शब्द नाही, गाभा पाहायचा, असं त्यांनी ठरवून टाकलं. आणि दुसऱ्या बाजूनं विशिष्ट अनुतोष कायद्यानं चाप लावला : ज्याला पुढची मागणी करता येत होती आणि त्यानं ती केली नाही, त्याला नुसती घोषणा मिळणार नाही. म्हणजे स्टॅम्प वाचवायला मागणी कमी केली की दावाच जायचा. आजही जातो. या एका चुकीनं दहा-दहा वर्षं चाललेले दावे पडतात, हे कुठल्याही जुन्या वकिलाला विचारा.

१८८७ मध्ये आणखी एक कायदा आला, दाव्यांच्या मूल्यांकनाचा. त्याचं म्हणणं, बहुतेक दाव्यांत कोर्ट फीसाठी जी किंमत, तीच कोर्टाच्या अधिकारक्षेत्रासाठी. पण जमिनीच्या ताब्याचे दावे त्यातून बाहेर ठेवले. म्हणून आपल्या वादपत्रात शेवटी "कोर्ट फीसाठी इतके आणि अधिकारक्षेत्रासाठी इतके" असे दोन आकडे दिसतात. लोकांना वाटतं वकिलानं काहीतरी गडबड केली. गडबड नाही. पहिल्या आकड्यावर स्टॅम्प ठरतो, दुसऱ्यावर दावा कनिष्ठ स्तराच्या न्यायाधीशापुढं की वरिष्ठ स्तराच्या, हे ठरतं आणि अपील कुठं जाणार हेही.

याच कायद्याच्या अकराव्या कलमानं एक चांगलं केलं. हरल्यावर अपिलात जाऊन "दाव्याची किंमतच चुकली होती, कोर्टाला अधिकारच नव्हता" असा कांगावा करता येत नाही. तो आक्षेप पहिल्या कोर्टात वेळेवर घेतला पाहिजे आणि त्या चुकीनं निकालावर खरोखर परिणाम झाला हे दाखवलं पाहिजे. सुप्रीम कोर्टानं १९५४ मध्ये किरण सिंग विरुद्ध चमन पासवान या खटल्यात हे नीट समजावून सांगितलं. आणि १९६१ मध्ये रत्नवर्मराजा विरुद्ध विमला या खटल्यात त्याहून कामाचं सांगितलं : कोर्ट फी हा मुळात फिर्यादी आणि सरकार यांच्यातला मामला आहे, प्रतिवादीनं तिचं हत्यार करून दावा अडवायचा नाही. आपल्याकडे किती तारखा नेमक्या या एका अर्जावर जातात, सांगायला नको. (हे निकाल देशभरचे वकील ज्या 'ऑल इंडिया रिपोर्टर'मधून उद्धृत करतात, तो निघतो आपल्या नागपुरातून. एवढा अभिमान बाळगायला हरकत नाही.)

या सगळ्यात वर्ध्यानं एक वेगळा रस्ताही पाहिलेला आहे. १९२० च्या डिसेंबरात नागपूरला काँग्रेस भरली, जमनालाल बजाज स्वागताध्यक्ष होते. असहकाराच्या ठरावात सरकारी कोर्टांवर बहिष्कार आणि भांडणं लवादापुढं मिटवणं हे कलम होतं. वकिली सोडणाऱ्यांच्या घरची चूल पेटती राहावी म्हणून जमनालालजींनी एक लाख रुपये दिले. त्या काळचे एक लाख! कोर्टाचा स्टॅम्प म्हणजे परक्या सरकारला आपल्या भांडणातून दिलेलं उत्पन्न, ही भावना त्यामागं होती. फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये कोर्टकचेरीच्या खर्चाबद्दल कोरडे ओढले त्यालाही तेव्हा चाळीसेक वर्षं होऊन गेली होती.

स्वराज्य आलं आणि स्टॅम्प तसाच राहिला. मालगुजारी गेली ३१ मार्च १९५१ ला, आपण तेव्हा मध्य प्रदेशात. १९५६ ला विदर्भ मुंबई राज्यात आला, आणि तिथं वेगवेगळ्या भागांत वेगवेगळे कायदे नकोत म्हणून १९५९ चा मुंबई कोर्ट फी कायदा झाला. ज्या वर्षी नदीकाठी विनोबांचं ब्रह्मविद्या मंदिर सुरू झालं, त्याच वर्षातला. आज त्यालाच महाराष्ट्र कोर्ट फी कायदा म्हणतात. जुन्या सातव्या कलमाच्या जागी यात सहावं आहे. साऱ्याची पट वाढवली, पण पद्धत तीच. मालकीच्या घोषणेला ताब्याच्या दाव्याच्या फीचा चौथा हिस्सा केला. वाटणीच्या दाव्यात आख्ख्या इस्टेटीवर नाही, तुम्ही मागता त्या हिश्श्यापुरतीच किंमत धरायची, हे स्पष्ट लिहिलं. ज्याची पैशात किंमतच होत नाही त्याला कायद्यानंच एक छोटी रक्कम धरून दिली.

आणि फीला वरून टोपी घातली. आधी पंधरा हजार, पुढं वाढत तीन लाख, जानेवारी २०१८ पासून दहा लाख. म्हणजे त्या मर्यादेपलीकडं दावा कोटीचा असो की शंभर कोटींचा, फी तेवढीच. खाली मात्र प्रत्येक रुपया मोजला जातो. लहान दाव्याला किमतीच्या प्रमाणात जास्त आणि मोठ्याला कमी, हे मला कधी पटलेलं नाही.

फी म्हणजे कर नाही, असं सुप्रीम कोर्टानं झेनिथ लॅम्प्सच्या खटल्यात सांगितलं. म्हणजे घेतलेल्या पैशाचा न्यायाच्या कामाशी संबंध हवा. त्याआधी १९५८ मध्येच सेटलवाडांच्या अध्यक्षतेखालच्या विधी आयोगानं चौदाव्या अहवालात म्हटलं होतं की दिवाणी न्यायातून सरकारनं नफा काढू नये. १९८८ मध्ये अश्वत्थनारायण सेट्टी खटल्यात कर्नाटक, राजस्थानबरोबर आपला महाराष्ट्रही होता. इथं दाव्यांना पंधरा हजारांची मर्यादा आणि मृत्युपत्राच्या प्रोबेटला मर्यादाच नाही. हा भेदभाव कोर्टानं चालू दिला नाही. पण किमतीवर चढत जाणारी फी मात्र वैध ठरवली.

आता ज्यासाठी एवढं लिहिलं ते सांगतो.

आमच्या भागातली एक ताई. नाव-गाव नको. वडील गेले, भावांनी फेरफारात तिघांचीच नावं चढवली, हिला पटवाऱ्यानं सही मागितली तेव्हा कळलं. तिनं वाटणीचा दावा करायचं ठरवलं. कुणीतरी सल्ला दिला की घर घालू नका, घराला बाजारभावाचा स्टॅम्प लागतो, फक्त वावर टाका, स्वस्तात होईल. तिनं ऐकलं. आता प्रतिवादींचं म्हणणं आहे की एकत्र कुटुंबाची सगळी मिळकत वाटणीत आणली नाही, अर्धवट वाटणीचा दावा चालत नाही. कायद्यात हा आक्षेप जुना आणि वजनदार आहे. दोन खोल्यांच्या घराचा स्टॅम्प वाचवायला गेली आणि सगळा दावा टांगणीला लागला.

दुःख याचं की तिला बहुधा स्टॅम्प लागलाच नसता. १९९४ हे वर्ष महाराष्ट्राच्या बायकांसाठी मोठं. २२ जूनपासून मुलींना वडिलोपार्जित इस्टेटीत मुलाइतका हक्क देणारी दुरुस्ती राज्यात लागू झाली. त्या दिवसाआधी लग्न झालेल्या मुली वगळून, हे खरं. देशानं ते ९ सप्टेंबर २००५ ला केलं, तेव्हा लग्नाची अटही गेली, आणि ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा खटल्यात वडील हयात असण्याचा प्रश्नही सुटला. आणि १ ऑक्टोबर १९९४ ला राज्य सरकारनं अधिसूचना काढली : पोटगी, मालमत्तेचा वाद, हिंसाचार आणि घटस्फोट, या प्रकरणांत स्त्री पक्षकाराला कोर्ट फी माफ. हक्क दिला आणि त्या हक्काच्या दारावरचा स्टॅम्पही काढला. असं शहाणपण सरकारला नेहमी सुचत नाही.

"मालमत्तेचा वाद" म्हणजे नेमका कोणता, यावर पुढं कोर्टात वाद झाले. म्हणून मी "बहुधा" म्हटलं. पण अर्ज करायला कोण अडवतं? मागितलीच नाही तर माफी कोण देणार?

बायकांपुरतंच नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३३ व्या आदेशात नादार माणसाला फी न भरता दावा करता येतो. निकाल बाजूनं लागला तर ती फी मग सरकार वसूल करतं. म्हणजे इथं अजूनही हरकीचाच क्रम आहे, आधी निकाल, मागून पैसा! फीएवढी ऐपत नाही हे दाखवावं लागतं. जिथं फी ठरलेली नसेल तिथं एक हजारावर मालमत्ता नसावी, जप्तीला माफ असलेल्या वस्तू सोडून, अशी कसोटी आहे. हजार रुपये, हो, आजही. तालुका विधी सेवा समितीकडे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमाती, अपंग, मर्यादित उत्पन्नवाले यांना वकीलही फुकट मिळतो आणि कोर्ट फीचा खर्चही त्यात येतो. आणि दाखल दावा लोकअदालतीत मिटला तर भरलेली फी परत मिळते. मिटवल्यावर ती परत मागायला जाणारे मी फार थोडे पाहिले.

एक भीती मात्र मनात आहे. वावराची कोर्टातली किंमत साऱ्याला बांधलेली आहे म्हणून गरीब शेतकरी निदान दावा लावू शकतो. उद्या कुणी हुशार अधिकारी म्हणेल की हे हास्यास्पद आहे, सगळीकडे रेडी रेकनर लावा. दिसायला बरोबर वाटेल, पण ज्या दिवशी रोडटच वावराच्या हिश्श्यावर बाजारभावानं फी लागेल, त्या दिवशी भावाला कोर्टात बहिणीशी भांडावं लागणार नाही, स्टॅम्पच तिला दारातून परत पाठवेल. जिथं प्लॉट पडले तिथं हा वाद आत्ताच सुरू झाला आहे. आमदार-खासदारांना रस्त्याबद्दल विचारता तसं याबद्दलही विचारत जा.

तोवर एवढं करा. वकिलाकडे जाताना सातबारा, आठ-अ, घराची आखीव पत्रिका किंवा ग्रामपंचायतीचा नमुना आठ आणि फेरफाराची नक्कल घेऊन जा. सगळ्या मिळकतींची यादी स्वतःच्या हातानं लिहा, पडकं कोठारही सोडू नका. आणि वादपत्रावर सही करण्याआधी विचारा : साहेब, सहाव्या कलमाचं कोणतं पोटकलम लावलं, किंमत दोन्ही ठिकाणी किती धरली, आणि माफीचा अर्ज जोडला का?